लंडनच्या विमानाचा रिलीव्हर

सावित्रीबाईंनी पोह्यांची बशी ठेवली तेव्हा विमान तुर्कस्तानावर होतं आणि त्याच्या उजव्या इंजिनाला आग लागली होती.

"आधी खाऊन घ्या," त्या म्हणाल्या. "गार झाले तर पुन्हा गरम करून देणार न्हाई."

"अगं, इंजिन पेटलंय!" रंगराव ओरडले.

"मग विझवा आणि खा."

शेजारच्या सीटवर रहिमान बसला होता. त्याने माऊसने स्क्रीनवरचं एक लाल हँडल ओढलं, बटण दाबलं, लाल दिवा विझला. मग त्याने बशी आपल्याकडे ओढून घेतली आणि विचारलं, "वहिनी, लिंबू हाय का?"

हे सगळं रहाटणीतल्या एका सोसायटीत, तिसऱ्या मजल्यावरच्या मागच्या बेडरूममध्ये चाललं होतं. ही खोली एकेकाळी वर्षालीची, म्हणजे सावित्रीबाईंच्या लेकीची. ती लग्न होऊन लंडनला गेली आणि तिच्या पलंगाच्या जागी वडिलांचं विमान आलं. विमान म्हणजे तीन स्क्रीन, एक जॉयस्टिक, पायाखाली दोन पेडल आणि रहिमानने भंगारातल्या एका जीपमधून काढून आणलेल्या दोन सीटा.

याला मूळ कारण मुलगा निरंजन. रंगराव रिटायर झाले आणि घरातल्या प्रत्येक वस्तूचे स्क्रू आवळत सुटले. मिक्सर झाला, कुकरची मूठ झाली, देव्हाऱ्याची बिजागरी झाली. लिफ्टवाल्याशी भांडण झालं तेव्हा निरंजनने ओळखलं, की या माणसाला एक मशीन दिल्याशिवाय घराला शांतता नाही. त्याने कॉम्प्युटरवर विमान उडवायचा प्रोग्रॅम आणून दिला. त्यातल्या छोट्या विमानाला रंगराव आठवड्याभरात कंटाळले. "याच्या आतलं काहीच दिसत न्हाई," अशी त्यांची तक्रार. मग निरंजनने एक मोठं, लांब पल्ल्याचं विमान वेगळं विकत घेऊन त्यात बसवलं. ते बनवणाऱ्यांनी असा कीस पाडला होता, की एकेक पंप, एकेक व्हॉल्व्ह, डोक्यावरच्या पॅनलचं एकेक बटण खऱ्यासारखं चालायचं. नुसतं सुरू करायलाच पाऊण तास लागायचा. रंगरावांना स्वर्ग दोन बोटं उरला.

तेव्हापासून दर गुरुवारी मुंबई ते लंडन. तेही खऱ्या वेळात. सकाळी अंघोळ करून, देवाला नमस्कार करून बसायचे ते दिवेलागणीला उतरायचे. मधले तासन्‌तास विमान आपलं आपण जायचं आणि हे दोन म्हातारे त्याच्याकडे बघत बसायचे. सावित्रीबाईंनी पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा त्यांना वाटलं, काहीतरी अडकलंय.

गुरुवारच का? तर पिंपरी-चिंचवडात कारखान्यांची सुट्टी गुरुवारी. रंगराव पस्तीस वर्षं प्रेस शॉपच्या, म्हणजे पत्र्याचे भाग दाबून काढणाऱ्या मशीनांच्या, मेन्टेनन्सला होते. आधी पिंपरीत, मग कंपनी चाकणला गेली तशी तिच्यामागे चाकणला. रिटायर झाले तरी अंगातला गुरुवार काही जात नव्हता. रहिमानचं भोसरीत मोटार रिवाइंडिंगचं दुकान, त्यालाही गुरुवारीच टाळं. आता गुरुवारी कारखाने बंद म्हणून दुरुस्तीसाठी लाईटही गुरुवारीच जाते, ही गोष्ट वेगळी. त्यासाठी घरात इन्व्हर्टर होता आणि तो लग्नातल्या रुसलेल्या मामासारखा कधीही हात आखडता घ्यायचा.

रहिमान कंपनीतला जुना सोबती. रंगरावांची शिफ्ट सुटायची तेव्हा त्याची भरायची. रिलीव्हर, म्हणजे पुढच्या पाळीचा माणूस, आल्याशिवाय चालू मशीन सोडायचं नाही, हा दोघांचा धर्म. रहिमान यायचा, रंगरावांच्या खांद्यावर हात ठेवायचा आणि म्हणायचा, "आलो. सोड आता." रंगराव सांगायचे, "चालू हाय. त्रास न्हाई." किंवा त्रास असेल तर कुठे आहे ते सांगायचे. एवढं झालं की मशीन त्याचं. मग भूकंप झाला तरी रंगराव मागे वळून बघायचे नाहीत. विमानातही हाच रिवाज चालू राहिला. जेवणानंतर रंगरावांचा डोळा लागायची वेळ झाली, की रहिमान खांद्यावर हात ठेवायचा, "आलो. सोड आता." आणि रंगराव तिथेच, अरबी समुद्राच्या अलीकडे-पलीकडे कुठेतरी, घोरायला लागायचे.

इथवर सगळं गमतीचंच होतं. सावित्रीबाईंनी खंडेनवमीला त्या जॉयस्टिकला हळदकुंकू लावून झेंडूचा हारही घातला होता, आणि पूजेच्या दिवशी मशीन चालवायचं नाही म्हणून विमान जमिनीवर राहिलं होतं. पण दिवाळीनंतर गंमत संपली. वर्षालीला दिवस गेलेले होते, मार्गशीर्षात तारीख होती. तिला सासू नव्हती. जावयाला रजा मोजकीच. "आई, तू आलीस तर मला कसलीच भीती वाटणार नाही," असं ती फोनवर हसत हसत म्हणायची आणि फोन ठेवल्यावर सावित्रीबाई ओट्याशी उभ्या राहून डोळे पुसायच्या. दोघांचे व्हिसा आले होते. डिंक, अळीव, खारीक, सगळं आणून डब्यात भरलं होतं. राहिलं होतं फक्त तिकीट, आणि ते रंगराव काढू देत नव्हते.

"ट्रायल पास होऊ दे," ते म्हणायचे. "ट्रायल घेतल्याशिवाय कुठलं मशीन लोडवर टाकत्यात का? एकदा बिनबिघाडाचं लंडनला पोचतो, मग काढू तिकीट."

आणि ट्रायल काही पास होत नव्हती. एका गुरुवारी हायड्रॉलिकचा पंप गेला. एका गुरुवारी केबिनमधली हवा गेली. एकदा जनरेटर, एकदा इंजिनाचं ऑइल, एकदा चाकंच बाहेर येईनात. दर वेळी रंगरावांचा चेहरा पांढराफटक पडायचा.

"तू समजून घे," एका रात्री जेवताना ते सावित्रीबाईंना म्हणाले. "प्रेस बिघडला तर लाल बटण दाबायचं, मशीन थांबतं. मग बसून दुरुस्त करायचं. हे वर थांबवून काय करणार? याला लाल बटणच न्हाई."

"रोज एवढी माणसं जात्यात."

"जात्यात. त्यास्नी आतलं ठाऊक न्हाई."

"मग मी एकटी जाते," सावित्रीबाई म्हणाल्या.

रंगरावांचा घास हातातच राहिला. "तू? त्या मशीनमध्ये? आणि मी खाली बसून काय करू?" ताटावरून ते उठले आणि दुसऱ्या दिवशीही धड जेवले नाहीत. स्वतः जायचं नाही आणि बायकोलाही जाऊ द्यायचं नाही, अशी ही गाठ होती. सावित्रीबाईंना त्यांचा राग यायचा आणि त्या न जेवलेल्या ताटाकडे बघून कीवही यायची. पण मार्गशीर्ष काही कुणासाठी थांबणार नव्हता.

शेवटी त्यांनी निरंजनला गाठलं. "खरी विमानं एवढी बिघडत्यात का रे?"

निरंजन हसला. "आई, खरं विमान दर गुरुवारी पेटायला लागलं तर त्यात कोण बसेल? बाबांनी काटा शेवटपर्यंत ओढून ठेवलाय." त्याने कॉम्प्युटर लावून दाखवलं. बिघाड किती व्हावेत ते ठरवायला एक आडवी पट्टी होती. तिच्यावरचा काटा उजव्या टोकाला टेकला होता. "मी सुरुवातीला बंद ठेवले होते. ते म्हणाले, ज्या मशीनचं ब्रेकडाउन बघितलं न्हाई ते मशीन आपल्याला येत न्हाई. मग त्यांनीच सगळे चालू केले."

सावित्रीबाई त्या काट्याकडे बघत राहिल्या. माणूस स्वतःच काटा टोकाला नेतो, स्वतःच घाबरतो, आणि वर ट्रायल पास होत नाही म्हणून सांगतो. आयुष्यभर या माणसाला त्या ओळखत होत्या, तरी त्यांना हसावं की कपाळावर हात मारावा ते कळेना.

"डावीकडं घे तो," त्या म्हणाल्या. "पार टोकाला. आणि त्यांना बोलू नकोस."

पुढच्या गुरुवारी विमान मुंबईहून उडालं आणि काहीच झालं नाही. समुद्र गेला, काही नाही. वाळवंट गेलं, काही नाही. सावित्रीबाई स्वयंपाकघरातून कान देऊन होत्या. त्यांनी पेढ्यांचा पुडाही आणून ठेवला होता. पण खोलीत डोकावल्या तर रंगराव घामाने निथळत होते.

"काय करायलाव? बरं वाटंना का?"

"काही बिघडंना," रंगराव कुजबुजले.

"मग चांगलंच हाय की!"

"चांगलं कसलं? मशीन एवढं गप राहतं म्हणजे आत काहीतरी मोठं शिजतंय. नव्वद साली तो मोठा प्रेस असाच महिनाभर गप होता. आणि मग क्रँकच गेला." त्यांनी स्पीकरला कान लावला. "रहिमान, तुला काही ऐकू येतंय?"

"न्हाई बा."

"मला पण न्हाई," रंगराव अधिकच घाबरून म्हणाले.

त्या दिवशी त्यांनी पोहे खाल्ले नाहीत. रहिमानने खांद्यावर हात ठेवला, "आलो, सोड आता," तर मान हलवून म्हणाले, "आज न्हाई. आज काहीतरी होणार." सगळा युरोप त्यांनी खुर्चीच्या टोकावर बसून ओलांडला. पण विमानाला त्याचं काही नव्हतं. ते गुमान जात राहिलं. खिडकीबाहेर रहाटणीत संध्याकाळ झाली आणि स्क्रीनवर लंडनची हिरवी-करडी जमीन दिसायला लागली. चाकं बाहेर आली. समोर धावपट्टीचे दिवे लागले. सावित्रीबाई पेढ्यांचा पुडा घेऊन दारात येऊन उभ्या राहिल्या. त्यांच्या मनात तिकीट निघालं होतं, बॅग भरली होती, वर्षाली दारात दिसत होती.

धावपट्टी जवळ आली, आणखी जवळ आली, आणि लाईट गेली.

दिवसभर गेली नव्हती म्हणून सगळे गुरुवार विसरले होते. इन्व्हर्टरने एक आचका दिला, तीन स्क्रीनचा भार पाहून हाय खाल्ली आणि तोही गप्प झाला. खोलीत अंधुक उजेड उरला.

"बघ!" रंगरावांनी मांडीवर थाप मारली. त्यांचा चेहरा सकाळपासून पहिल्यांदा मोकळा झाला होता. "मी म्हणत होतो. शेवटी गेलंच!"

"अरे, लाईट गेली," रहिमान म्हणाला. "विमानाचा काय संबंध?"

"ट्रायल फेल ती फेल. पुढच्या गुरुवारी बघू."

सावित्रीबाईंनी पेढ्यांचा पुडा काळ्या स्क्रीनपुढे ठेवला. त्यांचा आवाज चढला नाही, पण रहिमान आपोआप सीटवरून उठून उभा राहिला.

"वर्षाली झाली तवा तुमी कुठं होता?"

रंगराव बंद जॉयस्टिक चाचपायला लागले.

"सांगा की. कुठं होता?"

"मशीनवर."

"का?"

"रिलीव्हर आला नव्हता."

"वहिनी," रहिमान घाईने म्हणाला, "त्या दिवशी देहूरोडचं फाटक पडलं होतं, मालगाडी मधीच उभी, आणि माझी स्कूटर..."

"भाऊजी, तुमी बसा."

रहिमान बसला.

"शेजारच्या बाईनं मला रिक्षात घातलं," सावित्रीबाई म्हणाल्या. "दवाखान्यात रात्रभर मी दाराकडं बघत होते. मी कधी बोलले का? तुमच्या आईनं विचारलं, लेक झाली तरी बाप का आला न्हाई, तर मीच म्हणाले, चालू मशीन कसं सोडतील. मला पटत होतं ते. खरंच पटत होतं. आता माझी लेक तिकडं एकटी हुबी हाय. जावई कामावर गेले की ती आणि पोटातलं पोर. अंग दुखतंय म्हणून सांगायला कुणी न्हाई. खांद्यावर हात ठेवून 'आले, सोड आता' म्हणायला कुणी न्हाई. तिचे रिलीव्हर आपण हाय. आणि आपण इथं खोट्या विमानात बसलोय. तुमच्या रहिमानला निदान खरं फाटक तरी लागलं होतं. तुमी तर काटा शेवटपर्यंत वढून स्वतःच फाटक पाडून बसलाव!"

रंगरावांनी चमकून वर पाहिलं. "काटा... म्हणजे आज तू...?"

"व्हय. मीच डावीकडं घ्यायला लावला."

रहिमानने जाताना पुड्यातला एक पेढा उचलला, तो खावा की नको अशा विचारात हातात धरूनच जिना उतरला. रंगराव त्या जीपच्या सीटवर अंधारात बसून राहिले. लाईट आली तेव्हा त्यांनी कॉम्प्युटर सुरू केला नाही.

रात्री पानावर बसल्यावर त्यांनी भाकरी मोडली आणि मान वर न करता निरंजनला सांगितलं, "तिकीट काढ. दोघांचं. मला पंखाजवळची खिडकी पाहिजे. इंजिन दिसलं पाहिजे."

सावित्रीबाईंनी त्यांच्या भाकरीवर तुपाची धार सोडली. नेहमीपेक्षा जरा जास्तच.

खरं विमान सकाळचं होतं. रंगरावांना पंखाजवळची खिडकी मिळाली, शेजारी सावित्रीबाई. रंगरावांनी आत शिरतानाच दाराच्या कडेची रबरी पट्टी बोटाने दाबून बघितली आणि मागे रांग खोळंबली. बसल्यावर त्यांची सुरुवात झाली. "हा हायड्रॉलिकचा आवाज. आता पंखाची फळी खाली येईल बघ." फळी खाली आली. "आता डावं इंजिन सुरू." इंजिन सुरू झालं. विमान धावायला लागलं तेव्हा मात्र ते बोलायचे थांबले. त्यांनी दोन्ही हातांनी खुर्चीचे हात धरले आणि जमीन सुटताना पाय असे दाबले, जणू पेडल त्यांच्याच पायाखाली होती. पुढच्या सीटवरचा गृहस्थ दचकून मागे वळला.

त्यानंतर त्यांनी हात सोडलेच नाहीत. समुद्र गेला तरी नाही. जेवणाचा ट्रे आला आणि तसाच परत गेला. विमानातले बाकीचे लोक सिनेमा बघत होते, घोरत होते, कुणाचं पोर रडत होतं. रंगराव डावं इंजिन बघत होते. त्यांचे डोळे लाल झाले होते, बोटांची पेरं पांढरी पडली होती. सावित्रीबाईंना आधी हसू आलं. मग येईना. त्यांच्या लक्षात आलं, की हा माणूस नुसता घाबरलेला नाही, हा ड्यूटीवर आहे. एवढं मोठं विमान, एवढी माणसं, आपली बायको, आणि तो एकटा ते वर धरून बसलाय. डोळा मिटला तर खाली येईल म्हणून डोळा मिटत नाहीये.

समोरच्या छोट्या स्क्रीनवर नकाशा होता. त्यावरचं इवलंसं विमान तुर्कस्तानावर आलं होतं. इथेच कुठेतरी पोह्यांच्या बशीशेजारी इंजिन पेटलं होतं.

सावित्रीबाईंनी रंगरावांच्या खांद्यावर हात ठेवला.

"आले मी," त्या म्हणाल्या. "सोडा आता."

रंगरावांनी त्यांच्याकडे बघितलं. हसले नाहीत, नाही म्हणाले नाहीत. पस्तीस वर्षांची सवय होती ती. बोटं एकेक करून सुटली.

"चालू हाय," ते घोगऱ्या आवाजात म्हणाले. "त्रास न्हाई. डाव्या अंगाला बारीक आवाज हाय, तेवढा कान ठेव."

"ठेवते."

त्यांनी उठून सावित्रीबाईंना खिडकीत बसवलं, कारण रिलीव्हरला मशीन दिसलं पाहिजे. स्वतः शेजारी बसले, डोकं मागे टेकलं आणि पट्टा लावेपर्यंत घोरायला लागले. त्यांचं डोकं हळूहळू घसरून सावित्रीबाईंच्या खांद्यावर आलं.

सावित्रीबाईंना वाटलं, बरं झालं, आता आपणही घटकाभर पडावं. त्यांनी डोळे मिटले. मग डाव्या अंगाचा तो आवाज आठवला आणि त्यांनी ते उघडले. आवाज खरंच येत होता. आधीपासून होता की आत्ता सुरू झाला, ते त्यांना सांगता येईना. तेवढ्यात एक हवाई सुंदरी आली आणि गोड हसून खुणेने सांगू लागली, की लोक झोपलेत, खिडकीची झडप तेवढी खाली घ्या.

"नो," सावित्रीबाई म्हणाल्या आणि इंजिनाकडे बोट दाखवलं. "ड्यूटी."

ती बिचारी काहीच न कळून निघून गेली. लंडन अजून लांब होतं, वर्षालीचं घर त्याच्याही पुढे, आणि सावित्रीबाईंना रिलीव्हर नव्हता. त्यांनी पदर खोचला, नवऱ्याचं डोकं खांद्यावर नीट टेकवून घेतलं आणि त्या इंजिनाकडे बघत बसल्या.